मागेल त्याला चित्र

२ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबईच्या वरळी येथील केंद्रावरून दूरदर्शनचे कार्यक्रम प्रक्षेपित होऊ लागले आणि पुढच्याच वर्षी सिंहगडावरील सहक्षेपण केंद्रामुळे ते पुण्याच्या घरांत दिसू लागले, तेव्हा त्या व्यवस्थेचे मर्म असे होते की, देणाऱ्याला घेणाऱ्याची काही माहिती असण्याचे कारणच नव्हते. मनोऱ्यावरून निघालेल्या विद्युच्चुंबकीय लहरी आपल्या टप्प्यातील सर्व छपरांवर सारख्याच पडत. ज्याच्या छपरावर अँटेना असेल त्याने त्या घ्याव्यात, नसेल त्याच्या घरावरून त्या तशाच पुढे जात. संध्याकाळच्या बातम्या शंभर घरांनी पाहिल्या काय किंवा लाख घरांनी पाहिल्या काय, प्रक्षेपण केंद्राच्या वीजखर्चात त्यामुळे एका पैचाही फरक पडत नसे. पुढे उपग्रह आले, केबलचे जाळे आले, गच्चीवर तबकडी आली आणि वाहिन्या एकाच्या शेकडो झाल्या. तरी हा मूळचा शिरस्ता बदलला नाही. सर्व वाहिन्या सर्वकाळ सर्वांच्या दाराशी येत राहिल्या, आणि त्यांतून हवी ती निवडून घेणे एवढेच काम प्रेक्षकाकडे राहिले.

इंटरनेटवरून येणाऱ्या दूरचित्रवाणीने हा शिरस्ता मुळापासून उलटा केला. येथे प्रेक्षकाने मागितल्याखेरीज चित्राचा एक कणही त्याच्या घराच्या दिशेने निघत नाही. त्याची मागणी नोंदली जाते, योग्य स्थळी पोहोचते, त्या मागणीपुरते चित्र तेथून रवाना होते, आणि मागणी थांबताच पुरवठाही थांबतो. हा भेद ध्यानात ठेवला म्हणजे या प्रकरणात पुढे वर्णिलेली सारी यंत्रणा, मग ती चित्राच्या संक्षेपाची असो, वाहतुकीची असो वा साठवणुकीची असो, एकाच प्रश्नाचे उत्तर शोधीत आहे हे वाचकाच्या सहज लक्षात येईल. तो प्रश्न असा: कोट्यवधी माणसांनी प्रत्येकी वेगळी मागणी केली असता ती वेळेवर, आणि परवडेल अशा खर्चात, पुरी कशी करावयाची?

चित्राचा संक्षेप

दूरचित्रवाणीचे चित्र हलते असे आपण म्हणतो. वस्तुतः ती स्थिर चित्रांची मालिका असते, आणि आपल्याकडील मूळ पद्धतीप्रमाणे अशी २५ चित्रे, म्हणजे २५ चौकटी, दर सेकंदास डोळ्यांपुढून जातात. हल्लीच्या उच्च स्पष्टतेच्या एका चौकटीत आडवे १९२० आणि उभे १०८० असे मिळून २०,७३,६०० बिंदू असतात. प्रत्येक बिंदूचा रंग सांगण्यास २४ बिट, म्हणजे शून्य किंवा एक अशी २४ चिन्हे, खर्ची पडतात. हा गुणाकार पुरा केला तर एका सेकंदाच्या चित्रासाठी सुमारे १२४ कोटी बिट लागतात आणि तासाभराच्या कार्यक्रमाचे आकारमान ५६० गिगाबाइटच्या घरात जाते. घरगुती जोडणी किंवा मोबाइल यांची वहनशक्ती याच्या मानाने फारच तोकडी असल्यामुळे चित्र आहे तसे पाठविण्याची गोष्टच निघत नाही. ते आधी संक्षिप्त केले पाहिजे, आणि तेही अशा बेताने की, काही गाळले आहे असा संशय पाहणाऱ्याला येऊ नये.

या कामी पहिला आधार मिळतो तो मानवी नेत्राच्या मर्यादेचा. प्रकाशाचा कमीअधिकपणा डोळा जितक्या बारकाईने टिपतो, तितक्या बारकाईने रंगांतील तफावत टिपत नाही. म्हणून प्रकाशाची माहिती प्रत्येक बिंदूसाठी स्वतंत्र आणि रंगाची माहिती चार बिंदूंच्या गटास मिळून एकदाच ठेवण्याची वहिवाट पडली आहे; एवढ्यानेच निम्मा भार उतरतो.

दुसरा आधार गणिताचा आहे, आणि त्यामागे बंगळूरमध्ये जन्मलेल्या एका संशोधकाचे परिश्रम आहेत. अमेरिकेतील कॅन्सस स्टेट विद्यापीठात अध्यापन करणाऱ्या नासिर अहमद यांनी चित्रसंक्षेपासाठी एक नवे गणिती रूपांतर योजण्याची कल्पना मांडून १९७२ साली तेथील नॅशनल सायन्स फाउंडेशनकडे अर्थसाहाय्याचा अर्ज केला, आणि तो नामंजूर झाला. तरीही आपले विद्यार्थी टी. नटराजन आणि सहकारी के. आर. राव यांच्यासह त्यांनी ते काम तडीस नेले आणि जानेवारी १९७४ मध्ये ‘डिस्क्रीट कोसाइन ट्रान्सफॉर्म’ या नावाने ते प्रसिद्ध केले. त्याचे सार असे: चित्राचा आठ बिंदू रुंद आणि आठ बिंदू उंच असा एक लहानसा चौकोन घेतला, तर त्यातील ६४ बिंदूंची माहिती ६४ ठरीव लहरींच्या बेरजेच्या रूपाने सांगता येते. आकाश, भिंत, मैदानावरील हिरवळ, माणसाचा गाल अशा सर्वसाधारण दृश्यांत जवळचे बिंदू एकमेकांसारखेच असल्याकारणाने या बेरजेतील बहुतेक सारा आशय पहिल्या थोड्या संथ लहरींत एकवटतो. उरलेल्या द्रुत लहरींचे प्रमाण इतके अल्प असते की, ते स्थूलमानाने मांडले किंवा पुष्कळ ठिकाणी शून्यच धरले तरी नेत्राला उणीव भासत नाही. ज्या कल्पनेला एके काळी साहाय्य नाकारले गेले, ती आज मोबाइलवरील छायाचित्रांपासून दूरचित्रवाणीपर्यंत सर्वत्र, मूळ किंवा सुधारलेल्या रूपात, कामी येत आहे.

तिसरा आधार काळाचा आहे. एका चौकटीनंतर एक पंचविसांश सेकंदाने येणारी दुसरी चौकट पहिलीहून फारशी निराळी नसते. गोलंदाज धावत येत असेल, तर तो तेवढा थोडा सरकलेला असतो. मैदान, प्रेक्षागार, खेळपट्टी ही जागच्या जागीच असतात. तेव्हा दर खेपेस संपूर्ण चित्र पाठविण्याऐवजी काही सेकंदांच्या अंतराने एक पूर्ण चौकट पाठवावी, आणि मधल्या चौकटींसाठी ‘अमुक तुकडा अमुक दिशेने इतका सरकला आणि त्यात एवढा बदल झाला’ असा केवळ तपशील कळवावा, ही योजना सर्वाधिक लाभदायक ठरली. मधल्या काही चौकटी तर मागच्या आणि पुढच्या अशा दोन्ही चौकटींचा आधार घेऊन रचल्या जातात.

१९८८ साली स्थापन झालेल्या ‘एमपेग’ या आंतरराष्ट्रीय मंडळाने आणि त्याच्या सहकारी संस्थांनी या तिन्ही आधारांना नियमांच्या चौकटीत बसविले. २००३ साली ‘एच. २६४’, २०१३ साली ‘एच. २६५’ आणि, एका वेगळ्या संघटनेकडून, २०१८ साली ‘एव्ही १’ अशी उत्तरोत्तर अधिक काटकसरी प्रमाणे निघाली. परिणामी सेकंदाला १२४ कोटी बिट मागणारे चित्र आता सुमारे ५० लक्ष बिटांत समाधानकारक दिसते. म्हणजे अडीचशे भागांपैकी एकच भाग प्रवासास निघतो आणि तासाभराचा कार्यक्रम सव्वादोन गिगाबाइटांत सामावतो.

पॅकेटांची रवानगी

संक्षिप्त झालेले हे चित्र ज्या वाटेने जावयाचे, ती वाट चित्रांसाठी बांधलेली नव्हती, ही गोष्ट येथे ध्यानात घेतली पाहिजे. जुन्या दूरध्वनीत दोन माणसे बोलत असेपर्यंत एक संपूर्ण तार-मार्ग त्यांच्यासाठी अडवून ठेवला जाई. ती दोघे गप्प राहिली तरी तो दुसऱ्याच्या उपयोगी पडत नसे. १९६० च्या दशकात अमेरिकेत पॉल बॅरन आणि इंग्लंडात डोनाल्ड डेव्हिस यांनी, एकमेकांच्या कार्याची वार्ता नसताना, या पद्धतीला पर्याय सुचविला. संदेशाचे लहान लहान भाग पाडावेत, प्रत्येक भागावर पोहोचण्याचा पत्ता घालावा, आणि मार्गावरील प्रत्येक ठाण्याने त्या क्षणी जी वाट मोकळी असेल तिने तो पुढे धाडावा, असा त्यांचा विचार होता. या भागांना डेव्हिस यांनी दिलेले ‘पॅकेट’ हे नाव रूढ झाले. व्हिंट सर्फ आणि बॉब कान यांनी १९७४ साली निरनिराळी जाळी परस्परांशी जोडण्याचे नियम मांडले, आणि १ जानेवारी १९८३ पासून ‘आर्पानेट’ या अमेरिकन जाळ्यावर त्या नियमांचा अंमल सुरू झाला. आजचे इंटरनेट त्याच पायावर उभे आहे.

एका पॅकेटात साधारणतः १५०० बाइटांपर्यंत मजकूर मावतो. तेव्हा सेकंदाला ५० लक्ष बिटांच्या आपल्या चित्राची चारशेहून अधिक पॅकेटे दर सेकंदास निघतात. मूळ जाळे त्यांपैकी एकाचीही हमी घेत नाही. एखादे पॅकेट गर्दीच्या ठाण्यावर टाकून दिले जाते, एखादे मागे पडते, एखादे आधी निघालेल्याच्या पुढे जाते. पत्रव्यवहाराला याची बाधा नाही, कारण हरवलेला भाग पुन्हा मागवून घेता येतो आणि पत्र चार सेकंद उशिरा आले म्हणून काही बिघडत नाही. दूरचित्रवाणीचे तसे नाही. चौकट दाखविण्याचा क्षण टळल्यावर तिचे पॅकेट येऊन पोहोचले तर ते निरुपयोगी होय. ज्या जाळ्याला वेळेचे बंधन ठाऊक नाही, त्याच्याकडून वेळेचे बंधन पाळवून घेणे हाच या विषयातील खरा पेच आहे, आणि तो सोडविण्याचे दोन भिन्न मार्ग निघाले.

राखीव मार्ग

पहिला मार्ग दूरध्वनी कंपन्यांनी चोखाळला. ग्राहकाच्या घरापर्यंत गेलेली तार त्यांच्याच मालकीची, मधली ठाणीही त्यांच्याच अखत्यारीत. तेव्हा आपल्या हद्दीत चित्राच्या पॅकेटांना अग्रहक्क द्यावा आणि त्यांच्यासाठी ठरावीक वहनशक्ती राखून ठेवावी, अशी तजवीज त्यांना करता आली. काटेकोर अर्थाने ‘आयपी टीव्ही’ म्हणतात तो हाच प्रकार. हाँगकाँग आणि फ्रान्स येथे २००३ पासून तो मोठ्या प्रमाणावर पसरला, आणि मुंबईतही महानगर टेलिफोन निगमाने या शतकाच्या पहिल्या दशकात अशी सेवा देऊ केली होती. तांब्याच्या दूरध्वनी तारेची शक्ती अंतरागणिक घटत जाते, हा त्या काळी सर्वत्रच मोठा अडथळा होता. प्रकाशतंतू घरापर्यंत आल्यावर तो दूर झाला.

या मार्गातील सर्वांत बुद्धिमान योजना ‘मल्टिकास्ट’ ही होय. स्टॅनफर्ड विद्यापीठात स्टीव्ह डीअरिंग यांनी तिचा पाया घातला आणि १९८९ साली तिचे नियम प्रसिद्ध झाले. आपल्याकडील कालव्याच्या पाण्याचा व्यवहार ज्यांना ठाऊक आहे, त्यांना ती समजण्यास क्षणाचाही विलंब लागणार नाही. धरणातून मुख्य कालव्यात एकच प्रवाह सुटतो. ज्या गावच्या शेतकऱ्यांनी पाटबंधारे खात्याकडे पाण्याचा मागणी-अर्ज भरला असेल त्या गावाकडे जाणारी वितरिका उघडते, त्यातही ज्या शेताची पाळी असेल त्या शेताची चारी पाटकरी उघडतो, आणि जेथे अर्जच नाही तेथे दार बंद राहते. मल्टिकास्टमध्ये प्रत्येक वाहिनीला एक सामाईक पत्ता असतो. प्रेक्षकाने वाहिनी बदलली की त्याचा सेट टॉप बॉक्स जवळच्या ठाण्याकडे ‘या पत्त्याच्या गटात मला घ्या’ अशी दरखास्त करतो आणि जुन्या गटातून आपले नाव काढून घेतो. त्या ठाण्यावर ती वाहिनी आधीच येत असेल, तर तेथल्या तेथे तिची आणखी एक प्रत काढून दिली जाते. येत नसेल, तर ते ठाणे वरच्या ठाण्याकडे तीच दरखास्त करते. एका बाबतीत मात्र ही व्यवस्था पाटाच्या पाण्याहून भाग्यवान आहे. पाणी वाटले की कमी होते. चित्राची प्रत काढल्याने मूळ प्रवाहात घट येत नाही. त्यामुळे एका पेठेतील हजार घरे तोच सामना पाहत असली, तरी त्या पेठेपर्यंत एकच प्रवाह वाहत येतो.

वाहिनी बदलताना क्षणभर पडदा काळा राहतो, त्याचाही उलगडा येथे होतो. गटात प्रवेश मिळाला तरी पुढची पूर्ण चौकट येईपर्यंत चित्र रचता येत नाही, कारण मधल्या चौकटी केवळ बदलांचा तपशील सांगतात, आणि मूळ चित्र हाती नसताना बदलांचा अर्थ लागत नाही.

खुल्या मार्गावरील तुकडे

मल्टिकास्ट इतके किफायतशीर असूनही ते एका कंपनीच्या हद्दीबाहेर रुजले नाही. खुल्या इंटरनेटवर हजारो स्वतंत्र जाळी एकमेकांना जोडलेली आहेत. दुसऱ्याच्या प्रवाहाच्या प्रती आपल्या ठाण्यावर काढून देण्याचा बोजा कोणी उचलावा आणि त्याचा मोबदला कोणी कोणास द्यावा, याचा सर्वमान्य करार झाला नाही. म्हणून यूट्यूब, नेटफ्लिक्स, हॉटस्टार यांसारख्या सेवांना दुसरा मार्ग धरावा लागला. तो वरवर पाहता अधिक खर्चाचा आहे, कारण त्यात प्रत्येक प्रेक्षकाकडे स्वतंत्र प्रवाह जातो. पण कोणाचीही विशेष परवानगी न घेता तो जगभर चालतो.

या पद्धतीत कार्यक्रमाचे काही सेकंदांचे तुकडे पाडतात आणि प्रत्येक तुकडा निरनिराळ्या पाच-सहा प्रतींत संक्षिप्त करून ठेवतात: एक अगदी लहान आणि अंधुक, एक मध्यम, एक मोठ्या पडद्याला शोभेल अशी, याप्रमाणे. सोबत कोणता तुकडा कोठे मिळेल याची एक यादी असते. प्रेक्षकाच्या यंत्रातील प्रणाली आधी यादी मागवते, आणि मग वेबवरील कोणतेही पान मागवावे त्याच रीतीने एकामागून एक तुकडे मागवू लागते. हरवलेले पॅकेट येथे पुन्हा मागविले जाते, आणि त्यासाठी लागणारा अवधी मिळावा म्हणून पुढचे काही तुकडे नेहमी हाताशी साठवून ठेवलेले असतात.

निर्णयाचा सारा अधिकार या व्यवस्थेत प्रेक्षकाच्या यंत्राकडे असतो. मागचा तुकडा येण्यास किती वेळ लागला आणि साठ्यात किती सेकंदांचे चित्र शिल्लक आहे, याचा हिशेब करून ते पुढच्या तुकड्याची कोणती प्रत मागवावी हे ठरविते. खंडाळ्याच्या घाटात आगगाडी बोगद्यात शिरली आणि मोबाइलची शक्ती ओसरली, तर ते अंधुक प्रत मागवते; गाडी मोकळ्यावर आली की पुन्हा चांगली प्रत घेते. चित्र थोडे पुसट झाले तरी चालेल, पण ते थांबता कामा नये, हा या योजनेचा दंडक आहे. २००९ साली ॲपल कंपनीने ‘एचएलएस’ या नावाने ती प्रचारात आणली आणि २०१२ साली ‘डॅश’ हे आंतरराष्ट्रीय प्रमाण प्रसिद्ध झाले. राखीव मार्गाचा भरवसा न धरता, मिळेल त्या मार्गाशी जुळवून घेणे हा या पद्धतीचा गुण, आणि तिच्या प्रसाराचे रहस्य त्यातच आहे.

जवळचा साठा

तथापि एवढ्याने भागत नाही. प्रकाशतंतूतून संकेत सेकंदाला सुमारे दोन लक्ष किलोमीटर या वेगाने धावतो. मुंबईतील प्रेक्षकाची मागणी १३,००० किलोमीटरवरील अमेरिकेतल्या यंत्रापर्यंत जाऊन उत्तर परत येण्यास, सरळ रेषेचा मार्ग धरला तरी, सेकंदाचा आठवा हिस्सा लागतो. आणि वाटेतील प्रत्येक ठाण्याची गर्दी त्यात भर घालते. शिवाय एकच चित्रपट लक्षावधी वेळा समुद्राखालील तारांतून वाहून आणणे हा उघड अपव्यय होय. यावरील उपायाचा इतिहास मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीशी निगडित आहे. तेथील गणितज्ञ टॉम लेटन, त्यांचे विद्यार्थी डॅनियल लेविन आणि इतर सहकारी यांनी १९९७ साली एक युक्ती प्रसिद्ध केली. अनेक यंत्रांवर साठा वाटून ठेवला असता कोणती वस्तू कोणत्या यंत्रावर आहे हे गणिताने ठरवावे, आणि एखादे यंत्र बंद पडले किंवा नवे आले तरी साऱ्या साठ्याची फेरमांडणी करावी लागू नये, असे तिचे स्वरूप होते. त्या बळावर लेटन आणि लेविन यांनी १९९८ साली ‘अकामाई’ ही कंपनी स्थापन केली. ११ सप्टेंबर २००१ रोजी न्यूयॉर्कच्या मनोऱ्यावर आदळविण्यात आलेल्या पहिल्या विमानात लेविन होते. मृत्युसमयी त्यांचे वय अवघे ३१ वर्षांचे होते. त्या तरुण गणितज्ञाच्या कार्यावर आज जगातील असंख्य लोकांचे पाहणे अवलंबून आहे, हे ऋण नाव घेऊन मान्य केले पाहिजे.

या व्यवस्थेमुळे लोकप्रिय चित्रपटाची प्रत मुंबई, चेन्नई, दिल्ली अशा ठिकाणच्या यंत्रांत, पुष्कळदा इंटरनेट पुरविणाऱ्या कंपनीच्याच इमारतीत, आधीच आणून ठेवलेली असते. प्रेक्षकाने कळ दाबली की त्याला सर्वांत जवळच्या, आणि त्या क्षणी अतिभार नसलेल्या, साठ्याकडे वळविले जाते. नेटफ्लिक्स तर रात्री उशिरा, जाळे मोकळे असताना, दुसऱ्या दिवशी काय पाहिले जाईल याचा अदमास बांधून आपले साठे भरून ठेवते.

क्रिकेटचा सामना

चित्रपट आधी साठवता येतो. चालू सामना साठवता येत नाही. म्हणून थेट प्रक्षेपण ही या सर्व यंत्रणेची कठोरतम कसोटी ठरते, आणि ती भारतात फार मोठ्या प्रमाणावर घेतली गेली आहे. १५ नोव्हेंबर २०२३ रोजी मुंबईच्या वानखेडे मैदानावर विश्वचषकाच्या उपांत्य सामन्यात विराट कोहली यांनी आपले ५० वे एकदिवसीय शतक पुरे करून, प्रेक्षागारात उपस्थित असलेल्या सचिन तेंडुलकर यांचा ४९ शतकांचा विक्रम मागे टाकला. चारच दिवसांनी, १९ नोव्हेंबरला, अहमदाबाद येथील अंतिम सामना एका क्षणी ५ कोटी ९० लक्ष प्रेक्षक हॉटस्टारवरून एकाच वेळी पाहत असल्याची नोंद झाली. मोबाइलच्या लहान पडद्यासाठी प्रत्येकी सेकंदाला केवळ १० लक्ष बिट धरले, तरी त्या क्षणी देशातील जाळ्यांतून सेकंदाला ५९ लक्ष कोटी बिट वाहत होते असे गणित निघते.

अशा प्रसंगी केवळ चित्राचा प्रवाह सांभाळून निभावत नाही. आवडता फलंदाज खेळावयास आला की मिनिटागणिक लक्षावधी लोक नव्याने येतात, आणि प्रत्येकाची ओळख पटविणे, त्याला पाहण्याचा हक्क आहे की नाही याची खातरजमा करणे, चित्राचे कुलूप उघडणारी किल्ली त्याच्या यंत्राला देणे, ही कामे क्षणार्धात उरकावी लागतात. नवी यंत्रे चालू करून कामास जुंपण्यास काही मिनिटे लागतात आणि गर्दी तेवढी वाट पाहत नाही, म्हणून गर्दीचा अदमास बांधून ती आधीच सज्ज ठेवावी लागतात. तोच फलंदाज बाद झाला की उलट प्रकार घडतो. लक्षावधी लोक एकाच वेळी सामना सोडून सेवेच्या मुख्य पानावर परततात. तुकड्यांची मागणी घटते, परंतु त्या पानावर प्रत्येकाच्या आवडीप्रमाणे शिफारशी मांडणाऱ्या यंत्रांवर एकदम भार कोसळतो. अशा वेळी शिफारशींसारखी गौण कामे तात्पुरती बंद ठेवून सामना चालू राखणे, हाच शहाणपणाचा बंदोबस्त होय.

गच्चीवर तबकडी असलेल्या शेजारच्या घरात षटकार आधी साजरा होतो आणि आपल्या मोबाइलवर तो अर्ध्या मिनिटाने दिसतो, या सर्वपरिचित अनुभवाचे कारणही आता सांगता येईल. भूस्थिर उपग्रह ३५,७८६ किलोमीटर उंचीवर असूनही तेथपर्यंतच्या जाण्यायेण्यास पाव सेकंदच लागतो. इंटरनेटच्या मार्गाने मात्र आधी तुकडा पुरा व्हावा लागतो, मग त्याच्या निरनिराळ्या प्रती तयार व्हाव्या लागतात, त्या साठ्यांपर्यंत पोहोचाव्या लागतात, आणि चित्र अडू नये म्हणून प्रेक्षकाचे यंत्र सामान्यतः तीन तुकड्यांइतके मागे राहून चालते. सहा सेकंदांचा तुकडा धरला तर एवढ्यातच १८ सेकंद जातात. तुकड्याचे आणखी बारीक भाग करून ते तयार होताच रवाना करण्याच्या पद्धती २०१९ च्या सुमारास पुढे आल्या असून त्यामुळे हा विलंब काही सेकंदांवर आणता येतो. तथापि साठा जितका अपुरा, तितकी चित्र अडण्याची भीती अधिक. तत्परता आणि अखंडता यांपैकी एकीचा लाभ दुसरीच्या खर्चाने होतो.

लाभ, खर्च आणि नोंदवही

मागणीप्रमाणे पुरवठा या तत्त्वाचा सर्वांत मोठा लाभ विखुरलेल्या समाजांना झाला आहे. मनोरा आपल्या प्रेक्षकांची गणती भूमीवरून करतो. त्याच्या टप्प्यात पुरेसे लोक नसतील, तर त्यांच्या भाषेतला कार्यक्रम प्रक्षेपित करणे त्याला परवडत नाही. न्यू जर्सी, दुबई किंवा इंदूर येथे राहणाऱ्या मराठी कुटुंबासाठी तेथे कोणी मनोरा उभारला नसता. आज तेच कुटुंब आपल्या सवडीने मराठी नाटक, कीर्तन किंवा बातमीपत्र मागवू शकते, आणि थोड्याच लोकांना प्रिय असलेली कृतीही, त्या थोड्यांचा पत्ता कोठेही असो, त्यांच्यापर्यंत पोहोचते. लहान भाषांच्या आणि अल्पसंख्य अभिरुचीच्या दृष्टीने हे उपकार असामान्य आहेत, आणि त्यांचे मोल कमी लेखण्याचे कारण नाही.

पण या लाभाची किंमतही नीट समजून घेतली पाहिजे. प्रक्षेपणात आणखी एका प्रेक्षकाचा खर्च शून्य असतो. इंटरनेटवर प्रत्येक नव्या प्रेक्षकाबरोबर यंत्रे, वीज आणि वहनशक्ती यांचा खर्च वाढतो, आणि प्रेक्षकालाही डेटाचे पैसे मोजावे लागतात. सर्वांना एकाच वेळी एकच गोष्ट दाखवावयाची असेल, जसे की निवडणुकीचा निकाल, चक्रीवादळाचा इशारा किंवा विश्वचषकाचा सामना, तर जुना मनोराच अधिक काटकसरी आणि आपत्तीच्या वेळी अधिक भरवशाचा आहे. प्रसार भारती आणि कानपूरची आयआयटी यांनी मोबाइलवर, इंटरनेटखेरीज, थेट लहरींनी चित्र पोहोचविण्याचे जे प्रयोग केले, त्यांमागे हाच विचार आहे.

दुसरी किंमत पैशांत मोजता येत नाही. मागितल्याखेरीज काही मिळत नसल्यामुळे प्रत्येक मागणीची नोंद होते. कोणी काय पाहिले, कोठे थांबविले, कोणता भाग पुन्हा पाहिला आणि कोणता टाळला, हे सारे सेवा पुरविणाऱ्याच्या दप्तरी जमा होत राहते. पूर्वी निवडक घरांत बसविलेल्या मीटरांवरून साऱ्या प्रेक्षकांच्या आवडीचा अंदाज बांधीत. आता प्रत्येकाच्या आवडीचे स्वतंत्र खाते आहे. तुकडे पोहोचविण्यासाठी काही नोंद अपरिहार्य आहे हे कबूल, परंतु ती किती मुदत ठेवावी आणि कोणत्या कामासाठी वापरावी, हा यंत्रशास्त्राचा प्रश्न उरत नाही. भारतात २०२३ साली व्यक्तिगत डिजिटल विदेच्या संरक्षणाचा कायदा संमत झाला. त्याची उपयुक्तता नागरिक आपला हक्क किती जाणतात आणि किती आग्रहाने मागतात यावर अवलंबून राहील.

सारांश, प्रक्षेपण आणि मागणीपुरवठा या दोन व्यवस्थांत एक जुनी आणि दुसरी नवी, म्हणून एक टाकाऊ आणि दुसरी श्रेष्ठ, असा निवाडा करणे योग्य होणार नाही. जे सर्वांचे आहे ते सर्वांना एकदम देणारी व्यवस्था, आणि जे ज्याचे आहे ते त्याला मागताक्षणी देणारी व्यवस्था, या दोन्हींची समाजाला गरज आहे. यापुढे कोणतीही नवी सेवा पुढे आली, तर वाचकाने तिच्याविषयी दोन प्रश्न अवश्य विचारावेत: आणखी एका प्रेक्षकाचा खर्च कोण सोसतो, आणि त्याच्या मागण्यांची नोंदवही कोणाच्या ताब्यात राहते? या दोन प्रश्नांची उत्तरे मिळाली म्हणजे त्या सेवेचे स्वरूप बहुतांशी कळले असे समजावे, आणि ती स्वीकारावी की नाही याचा निर्णय वाचकाला स्वतःच्या अधिकाराने करता येईल.